माशिकोचे हामादा

इताया हाझान हे विसाव्या शतकाच्या पूर्वार्धातले जपानचे फार मोठे पोर्सिलेन-कलावंत. भट्टीतून निघालेल्या भांड्यात जराशी खोट दिसली तरी ते भांडं ते स्वतःच्या हाताने फोडून टाकत. अशा माणसाच्या घरात चहाची किटली होती ती मात्र अगदी गावठी. जाड अंगाची, पांढुरक्या लेपाची, पोटावर चार-सहा फटकाऱ्यांत काढलेले डोंगर, झाड आणि पाण्याचा काठ. हाझानना गुरू मानणाऱ्या शोजी हामादा नावाच्या विद्यार्थ्याची नजर त्या किटलीवर खिळली. ती आली होती माशिको गावातून. तोक्योत तेव्हा माशिकोचं नाव निघे ते स्वयंपाकघरात. कलेच्या गप्पांत ते घ्यायचं कुणाच्या मनातही येत नसे.

माशिको हे तोक्योच्या उत्तरेला शंभरेक किलोमीटरवर, तोचिगी प्रांतात आहे. १८५३ साली ओत्सुका केइझाबुरो याने तिथे पहिली भट्टी घातली. धंदा तो जवळच्याच कासामा गावी शिकून आला होता. माती गावच्याच टेकड्यांत मिळे, जळणाला पाइनचं लाकूड होतं, आणि तयार माल एदोला, म्हणजे पुढच्या तोक्योला, पोहोचवायला किनु नदी होती. एवढ्या भांडवलावर गाव उभं राहिलं. पाण्याचे रांजण, लोणच्याच्या बरण्या, वाटण वाटायचे खरबरीत कुंडे, किटल्या असा सगळा चुलीभोवतीचा माल इथून जाई. पुढे रेल्वे आली तेव्हा स्टेशनांवर प्रवाशांना चहा विकायच्या छोट्या किटल्याही माशिकोने घडवल्या. इथली माती जाडीभरडी, वाळू जास्त आणि चिवटपणा कमी. पातळ काठाचं, नाजूक मानेचं भांडं तिच्यातून सहजी निघत नाही. म्हणून माशिकोचा माल जाड असे आणि स्वस्त असे.

त्या किटल्यांवर चित्रं काढणाऱ्यांत मिनागावा मासु नावाची बाई होती. जन्म १८७४ चा. दहाव्या वर्षी ती या कामाला बसली. कुत्र्याच्या केसांचा कुंचला घेऊन ती दिवसाला पाचशे, कधी हजारपर्यंत किटल्या रंगवी. चित्र ठरलेलं असे आणि फटकारेही ठरलेले असत. हजारो वेळा तीच रेघ ओढून ती इतकी मोकळी झालेली, की पुढे जाणकारांनी त्या रेघेची तुलना मोठमोठ्या चित्रकारांशी केली. १९३८ साली बर्लिनच्या हस्तकला प्रदर्शनात तिच्या कामाचा गौरव झाला तेव्हा ती साठी ओलांडून गेली होती. १९६० साली ती वारली. हामादांची गोष्ट सांगताना मासुला आधी आणावं लागतं, कारण हामादा आयुष्यभर ज्या गोष्टीच्या मागे होते ती मासुजवळ न मागता आलेली होती.

हामादांचा जन्म १८९४ चा, तोक्योजवळच्या कावासाकीतला. शाळेत असताना त्यांना चित्रकार व्हायचं होतं. फ्रेंच चित्रकार रेन्वार यांचं एक मत त्यांच्या वाचनात आलं. पॅरिसमध्ये चित्रकार फार झालेत, त्यातले अर्धेअधिक हस्तोद्योगांकडे वळले तर चित्रकलेचंही भलं होईल आणि उद्योगांचंही, असा त्याचा आशय. पोराने ते मनावर घेतलं. चित्र फसलं तर भिंतीवरून उतरवावं लागतं, भांडं थोडं फसलं तरी त्यात पाणी राहतं, असा सरळ विचार करून तो कुंभारकामाकडे वळला, असं त्यांच्या बोलण्यातून दिसतं. १९१३ साली ते तोक्योच्या उच्च तंत्रशाळेत दाखल झाले. हीच शाळा पुढे तोक्यो इन्स्टिट्यूट ऑफ टेक्नॉलॉजी झाली. शिक्षण होतं ते रसायनशास्त्र, भट्ट्यांची रचना आणि कारखान्यातल्या उत्पादनाचं. चाकावर हात बसवण्यापेक्षा तक्ते आणि सूत्रं जास्त.

१९१६ साली ते क्योतोच्या नगरपालिकेच्या कुंभारकाम संशोधन केंद्रात नोकरीला लागले. त्याच शाळेत त्यांच्या पुढे असलेले कानजिरो कावाई तिथे आधीपासून होते. दोघांनी मिळून जवळजवळ दहा हजार झिलयांचे नमुने तपासले. झिलई म्हणजे भांड्यावरचा काचेचा थर. राख, दगडाची पूड, माती आणि धातूचे क्षार यांचं प्रमाण थोडं बदललं की रंग बदलतो, ओघळ बदलतो, चमक बदलते. दहा हजार नमुने म्हणजे हे शास्त्र दोघांनी पार पिंजून काढलं होतं. हामादा पुढे सांगत, की या दहा हजारांचा पुढच्या कामात थेट उपयोग फारसा झाला नाही. पण कशाची गरज नाही हे त्यातूनच कळतं. दहा हजार झिलया माहीत असलेला माणूस जेव्हा पाच-सहांवर थांबतो, तेव्हा ते थांबणं निराळं असतं.

याच काळात तोक्योत बर्नार्ड लीच या इंग्रज कुंभाराच्या कामाचं प्रदर्शन भरलं. लीच जन्माने हाँगकाँगचे, चित्रकलेचं शिक्षण लंडनचं, आणि कुंभारकाम मात्र जपानात येऊन शिकलेलं. हामादांनी त्यांना पत्र लिहिलं, भेट घेतली. लीच तेव्हा सोएत्सु यानागी या तरुण विचारवंताच्या घरी, आबिकोला भट्टी घालून राहत होते. झिलयांचं रसायन लीचना नीट उमगलेलं नव्हतं आणि हामादांना ते तळहातासारखं ठाऊक होतं. उलट भांड्याकडे चित्रकाराच्या नजरेने कसं पाहावं हे हामादांना लीचकडून मिळालं. दोघांची मैत्री साठेक वर्षं टिकली.

१९२० साली लीच इंग्लंडला परत निघाले, तेव्हा पंचविशीतले हामादा त्यांच्यासोबत गेले. मुक्काम होता कॉर्नवॉलमधलं सेंट आइव्हज, समुद्रकाठचं कोळ्यांचं आणि चित्रकारांचं गाव. फ्रान्सिस हॉर्न या बाईंनी गावात हस्तोद्योग वाढावेत म्हणून पैसे उभे केले होते. लीच आणि हामादा यांनी तिथे दगडी कर्मशाळा बांधली आणि चढत्या उतारावरची जपानी पद्धतीची भट्टी घातली. अशी भट्टी पश्चिमेत तोवर नव्हती. तिला पायऱ्यांसारख्या एकापुढे एक खोल्या असतात. आग खालच्या तोंडाशी पेटवायची, तिची धग एका खोलीतून दुसरीत चढत जाते, आणि मग एकेका खोलीत बाजूने लाकूड सारत ती हव्या त्या तापमानाला न्यायची. बाराशे-तेराशे अंश गाठायचे तर लाकूड भरपूर लागतं, आणि कॉर्नवॉलमध्ये झाडंच कमी. माती शोधायलाही पायपीट करावी लागली. पहिली भट्टी मनासारखी चालली नाही. पुढे उजीच्या जुन्या कुंभार घराण्यातले त्सुरुनोसुके मात्सुबायाशी तिथे आले आणि त्यांनी ती नव्याने बांधून दिली.

सेंट आइव्हजची ही कर्मशाळा म्हणजे पाश्चात्त्य स्टुडिओ पॉटरीचं उगमस्थान, असं कलेच्या इतिहासात लिहिलं जातं. एकाच माणसाने माती कालवायची, चाकावर घडवायचं, झिलई द्यायची, भाजायचं, आणि हे सगळं स्वतःच्या नजरेने करायचं, ही ती पद्धत. त्या उगमाच्या श्रेयात अर्धा वाटा एका जपानी तरुणाचा आहे, आणि तो नेहमी लीच यांच्या नावामागे दबून जातो. हे बरोबर नाही. भट्टी कशी बांधायची आणि झिलई का फसली हे त्या दोघांत हामादांनाच जास्त कळत होतं.

हामादांना इंग्लंडने जे दिलं तेही मोठं आहे. इंग्लंडच्या खेड्यापाड्यांत पूर्वी स्लिपवेअर नावाची भांडी होत. लाल मातीच्या भांड्यावर पांढऱ्या मातीचा पातळ लेप ओतून त्यात रेघोट्या काढायच्या आणि वर पिवळसर झिलई द्यायची. कारखान्यांच्या मालापुढे ती मागे पडली होती. लीच आणि हामादा शेतांत सापडणारी खापरं गोळा करत, जुनी भांडी मिळतील तिथून घेत आणि ती रीत हाताने करून बघत. आणखी एक भेट हामादांच्या मनात कायमची राहिली. ससेक्समधल्या डिचलिंग गावात एथेल मेरे ही विणकर राहत होती. कला-इतिहासकार आनंद कुमारस्वामी यांची ती पहिली पत्नी. त्यांच्यासोबत तिने सिलोनमध्ये काही वर्षं काढली होती आणि तिथल्या कारागिरांचं काम जवळून पाहिलं होतं. डिचलिंगला ती हातमागावर कापड विणी, वनस्पतींपासून रंग करी, आणि तिच्या जेवणाच्या टेबलावर खेड्यातल्या कुंभाराची भांडी असत. विद्वान, जग पाहिलेली माणसं खेड्यात राहून हाताने काम करतायत आणि त्यात कसलाही देखावा नाही, हे हामादांनी तिथे पाहिलं. आपणही परत गेल्यावर शहरात राहायचं नाही, हे तिथे पक्कं झालं, असं ते सांगत.

१९२३ साली लंडनमध्ये पॅटर्सन गॅलरीत त्यांच्या कामाचं प्रदर्शन झालं आणि लोकांनी ते उचलून धरलं. त्याच वर्षी १ सप्टेंबरला कान्तोच्या भूकंपाने तोक्यो आणि योकोहामा उद्ध्वस्त झाली. वर्षाच्या अखेरीस हामादा निघाले. वाटेत फ्रान्स, इटली, क्रीट, इजिप्त पाहत १९२४ साली जपानला पोहोचले. सोबत इंग्रजी स्लिपवेअर होतं. ते पाहून क्योतोत कावाई हरखून गेले. यानागींनी पूर्वी कावाईंच्या कामावर कडक टीका केली होती, त्यामुळे त्या दोघांत अंतर पडलं होतं. हामादांनी दोघांना एकत्र आणलं. पुढची पस्तीस-चाळीस वर्षं जपानच्या कारागिरीचा विचार ज्यांनी हलवला ते त्रिकूट असं जमलं.

आणि मग हामादा माशिकोला गेले.

हा निर्णय त्या वेळी विचित्रच होता. लंडनमध्ये नाव झालेला, तंत्रशाळेत शिकलेला माणूस. क्योतोत त्याला मान होता, मित्र होते, उत्तम माती होती. माशिकोला त्याचं कोणी नव्हतं. गावाचा धंदाही खालावत चालला होता. शहरात गॅस आला होता, ॲल्युमिनियमची भांडी आली होती, आणि भूकंपानंतर काही काळ वाढलेली मागणी कायमची नव्हती. तंत्र शिकून आलेल्या माणसाने गावाला काही नवं शिकवावं अशी लोकांची अपेक्षा असणार. हामादांनी उलटं केलं. सुरुवातीला ते साकुमा तोतारो यांच्या कर्मशाळेत बसले आणि गावात जे चालतं तेच करू लागले. माती तीच, झिलया त्याच, भट्टी तीच. हिवाळ्यात ते ओकिनावाला जात आणि त्सुबोयाच्या कुंभारांमध्ये बसून काम करत. १९३० च्या सुमारास त्यांनी माशिकोत जुनं शेतकरी घर विकत घेऊन आपल्या जागेत आणून उभं केलं. मग अशीच आणखी जुनी घरं आली, आठ खोल्यांची मोठी भट्टी आली, आणि तिथेच त्यांचं उरलेलं आयुष्य गेलं.

माती चांगली नाही, हे ते मान्य करत. पण दुसरीकडून चांगली माती आणून तिच्यात मिसळायला त्यांची तयारी नसे. मातीच्या अंगात जे नाही ते तिच्याकडून करून घेण्यापेक्षा तिला झेपेल तेच भांडं घडवावं, असं त्यांचं म्हणणं. म्हणून त्यांची भांडी जाड काठाची, रुंद बुडाची, खांद्याला भरलेली. झिलयाही मोजक्याच. जवळच्या आशिनुमाच्या दगडाच्या पुडीतून निघणारी गडद तांबूस झिलई, जिला जपानी लोक पिकलेल्या काकीच्या फळाचं नाव देतात. तिच्यात लाकडाची राख घातली की काळी. भाताच्या तुसाच्या राखेची दुधाळ पांढरी, आणि तिच्यात तांबं गेलं की हिरवी. तुसाची राख म्हणजे भात पिकवणाऱ्या गावात फुकट मिळणारी वस्तू. माशिकोच्या बायका-पुरुषांनी हे मिश्रण कसलंही सूत्र न लिहिता बसवलेलं होतं. रसायनशास्त्र शिकलेल्या हामादांनी त्यात फारसा हात घातला नाही, आणि मला वाटतं त्यांच्या आयुष्यातला सगळ्यात अवघड संयम तोच.

चाकही त्यांनी जुनंच ठेवलं. माशिकोत पायाने फिरवायची चाकं होती, पुढे विजेचीही आली. हामादा मांडी घालून बसत आणि चाकाच्या कडेच्या खाचेत काठी घालून ते गरगर फिरवत. भुईशी बसून काठीने चाक फिरवणारा कुंभार महाराष्ट्रातल्या कुठल्याही कुंभारवाड्यात गेल्या पिढीपर्यंत दिसत असे. ज्याने तो पाहिलाय त्याला हामादांची जुनी छायाचित्रं परकी वाटत नाहीत. फरक पुढे आहे. आपल्या कुंभाराचं मडकं झिलईशिवायचं असतं, ते आव्यात कमी आचेवर भाजतात आणि त्याच्या अंगातून पाणी झिरपतं. हामादांचं भांडं स्टोनवेअर. जास्त आचेवर ते दगडासारखं घट्ट होतं. पण चाकाची ती मंदावत जाणारी गती दोन्हीकडे सारखीच. काठीचा जोर ओसरतो तसा हातही हळू करावा लागतो. विजेच्या चाकाने भांडं अधिक गोल येतं हे हामादांना माहीत होतं. त्यांना तेवढं गोल नको होतं.

चित्रांच्या बाबतीत मासुची पद्धत त्यांनी मुद्दाम घेतली. ओकिनावात त्यांनी शेतात वाऱ्याने वाकलेल्या उसाचं रेखाटन केलं. तेच चित्र पुढे पन्नास वर्षं ते भांड्यांवर काढत राहिले. उभी रेघ, दोन-तीन पानं, एक वाकलेला शेंडा. कुंचलाही मासुचाच, कुत्र्याच्या केसांचा. दरवेळी नवी कल्पना शोधायची ओढ कलावंताला असते. ती त्यांनी बाजूला ठेवली आणि तीच रेघ हातातून आपसूक उतरेपर्यंत ओढली.

मोठ्या थाळ्यांवर ते ओगराळ्याने झिलई ओतून नक्षी करत. एका हाताने थाळी धरायची, दुसऱ्या हाताने झिलईची धार आडवी-उभी सोडायची, की संपलं. पाहायला आलेल्या एकाने विचारलं, एवढ्या मोठ्या थाळीला इतकाच वेळ कसा पुरतो? हामादांनी सांगितलं, की यात पंधरा सेकंद आहेत आणि साठ वर्षंही आहेत. ही गोष्ट माशिकोत अजून सांगतात. माणसाने स्वतःच्या कामाबद्दल इतकं खरं आणि इतकं कमी बोलल्याचं दुसरं उदाहरण मला आठवत नाही.

यानागी, कावाई आणि हामादा यांनी १९२५ च्या अखेरीस प्रवासात असताना आपल्या विचाराला मिंगेई हे नाव दिलं. मिंगेई म्हणजे लोकांची कारागिरी. यानागींचं म्हणणं असं: खरं सौंदर्य अनाम कारागिराच्या रोजच्या वापरातल्या, स्वस्त, पुष्कळ संख्येने होणाऱ्या वस्तूंत असतं. स्वतःचं नाव मिरवणाऱ्या कलावंताच्या हातून ते निसटतं. १९३६ साली तोक्योच्या कोमाबा भागात जपानी लोककारागिरीचं संग्रहालय उघडलं, आणि यानागी त्याचे पहिले संचालक झाले. १९६१ साली यानागी गेल्यावर ती जबाबदारी हामादांकडे आली.

हामादा या विचाराने इतके बांधले गेले, की माशिकोला आल्यानंतर त्यांनी भांड्यावर नाव घालणं बंद केलं. सेंट आइव्हजला असताना भांड्याच्या बुडाशी ते छाप उमटवत. आता बूड कोरं. पण जपानात चांगलं भांडं लाकडी पेटीतून दिलं जातं, आणि पेटीवर कुंभार सही करतो. हामादांच्या पेट्यांवर त्यांची सही आहे. घेणाऱ्याला ती हवी असे, आणि बाजारात किंमतही तिच्यावर ठरू लागली. इथे या विचाराची अडचण उघडी पडते. अनाम कारागिराचं गुणगान करणारे तिघेही सुशिक्षित, शहरातले आणि नावाजलेले होते. मासुने दिवसाला हजार किटल्या रंगवल्या त्या अनाम राहून, कारण तिच्यापुढे दुसरा रस्ता नव्हता. हामादांनी अनामपण निवडलं, आणि निवडता येणं ही नाव असलेल्या माणसालाच मिळणारी मोकळीक आहे. पुढच्या अभ्यासकांनी मिंगेईवर ही टीका केली, ती योग्यच आहे. हामादांपुरतं पाहिलं तर एक गोष्ट नोंदवली पाहिजे. या विसंगतीची किंमत त्यांनी कामाने चुकवायचा प्रयत्न केला. वर्षाकाठी त्यांच्या भट्टीतून हजारो भांडी निघत, आणि त्यांत खाण्यापिण्याच्या वाट्या, पेले, थाळ्याही पुष्कळ असत.

१९५५ साली जपान सरकारने परंपरागत कारागिरीच्या जाणकारांना सन्मानित करायला सुरुवात केली. लोक त्यांना जिवंत राष्ट्रीय ठेवा म्हणतात. पहिल्याच यादीत केनकिची तोमिमोतो यांच्यासोबत हामादा होते. कावाईंनी हा मान नाकारला, पुढचेही नाकारले. हामादांनी तो घेतला. १९६८ साली त्यांना संस्कृतीपदकही मिळालं. दोन जिवलग मित्र, एकच विचार, आणि मानाबद्दल इतकी वेगळी वर्तणूक. कावाईंचा नकार विचाराला जास्त शोभतो, हे खरं. पण हामादांचा स्वीकार माशिकोला उपयोगी पडला, हेही तितकंच खरं.

त्याआधी, १९५२ साली, हामादा आणि यानागी इंग्लंडला डार्टिंग्टन येथे भरलेल्या कारागिरांच्या परिषदेला गेले. डार्टिंग्टन म्हणजे लेनर्ड एल्महर्स्ट आणि त्यांच्या पत्नीने उभारलेली संस्था. हे एल्महर्स्ट रवींद्रनाथ ठाकुरांच्या बोलावण्यावरून श्रीनिकेतनला ग्रामसुधारणेचं काम करून आले होते, आणि लीचना त्यांचा आधार बराच काळ होता. परिषदेनंतर लीच, यानागी आणि हामादा अमेरिकेत फिरले. यानागी आणि लीच भाषणं देत, हामादा चाकावर बसत. मोंटानातल्या आर्ची ब्रे फाउंडेशनमध्ये त्यांना पाहायला आलेल्या तरुणांत पीटर वूल्कोस होते. त्यांनी पुढे अमेरिकन कुंभारकाम पूर्ण वेगळ्या वाटेला नेलं. फाटलेले, रचलेले, माणसाएवढे मातीचे ढीग त्यांनी उभे केले. त्या कामाचं हामादांच्या वाडग्याशी दिसायला काहीच साम्य नाही. पण समोर पडलेली माती उचलून निर्धास्तपणे कामाला लागायचं, हे त्यांनी त्या दिवसांत पाहिलं होतं. न्यू मेक्सिकोतल्या सान इल्देफोन्सो वस्तीत या तिघांनी मरिया मार्टिनेझ या मूळनिवासी कुंभारणीचीही भेट घेतली.

भारतातही या मंडळींचे धागे पोहोचले आहेत. हामादा ज्या तंत्रशाळेत शिकले तिथेच १९१९ साली गुरचरण सिंग नावाचा भूगर्भशास्त्राचा पदवीधर दिल्लीहून दाखल झाला. जपानात यानागी-लीच यांच्या वर्तुळाशी त्यांची ओळख झाली. परत येऊन त्यांनी दिल्लीच्या पठाण कुंभारांची निळी झिलई जपली आणि १९५२ साली दिल्ली ब्लू पॉटरी सुरू केली. त्यांना १९९१ साली पद्मश्री मिळाली. निर्मला पटवर्धन यांनी सेंट आइव्हजला लीच यांच्या कर्मशाळेत काम केलं, आणि झिलयांवरचं त्यांचं हातपुस्तक भारतातले कितीतरी कुंभार पुढे वापरत आले. सुझन पीटरसन या अमेरिकन लेखिकेने माशिकोला राहून हामादांच्या कामाची तपशिलात नोंद केली. तिच्या मदतीला जपानी येणारी डेबोरा स्मिथ होती. ही डेबोरा पुढे पाँडिचेरीला आली आणि रे मीकर यांच्यासह १९७१ साली तिने गोल्डन ब्रिज पॉटरी काढली. आजच्या भारतीय स्टुडिओ पॉटरीतली बरीच माणसं तिथे घडली.

हामादा माशिकोत राहिले, आणि माशिको बदललं. त्यांच्याकडे शिकायला तरुण येऊ लागले. त्यातले काही गावातच भट्ट्या घालून राहिले. तात्सुझो शिमाओका हे त्यांतलं मोठं नाव. त्यांनी ओल्या मातीवर पिळाची दोरी फिरवून उमटणाऱ्या खुणांत पांढरी माती भरायची रीत काढली आणि १९९६ साली तेही जिवंत राष्ट्रीय ठेवा ठरले. १९६६ पासून गावात भांड्यांची जत्रा भरू लागली. ती आता वसंतात आणि शरदात, वर्षातून दोनदा भरते. आज गावात पुष्कळ कर्मशाळा आहेत, आणि बहुतेक कुंभार बाहेरून आलेले आहेत. रांजण आणि वाटणाचे कुंडे यांचं गाव कॉफीचे पेले आणि फुलदाण्या घडवू लागलं. एका माणसामुळे एखाद्या गावाचा मरणाला टेकलेला धंदा जगल्याची उदाहरणं जगात थोडी आहेत. पण जगला तो धंदा जुना राहिला नाही. मासुसारखी रेघ आता कुणी ओढत नाही, कारण दिवसाला हजार किटल्या घेणारी स्वयंपाकघरं उरलेली नाहीत. हामादांना याची जाणीव होती. म्हणूनच गावातल्या तरुणांनी आपली नक्कल करू नये यासाठी ते धडपडत, आणि आपल्यापेक्षा जुनी, आपल्यापेक्षा सरस भांडी त्यांच्यासमोर ठेवत.

त्यासाठीचा साठा ते आयुष्यभर जमवत आले होते. कुठलीही वस्तू पाहून आपलं काम हिच्यापुढे हरलं असं वाटलं, की ते ती विकत घेत. कोरियातले वाडगे, चिनी घट, इंग्लंडच्या खुर्च्या, कापडं, लाकडी भांडी, पार अमेरिकेतली ईम्सची आरामखुर्चीसुद्धा. १९७७ साली त्यांनी आपल्याच घरांत हा साठा मांडून माशिको सांकोकान नावाचं संग्रहालय लोकांना खुलं केलं. पुढच्याच वर्षी, ५ जानेवारी १९७८ रोजी ते गेले. लीच त्यानंतर सव्वा वर्षाने.

११ मार्च २०११ च्या भूकंपाने सांकोकानच्या इमारतींचं नुकसान झालं आणि आठ खोल्यांची ती मोठी भट्टी ढासळली. नातू तोमोओ हामादा, स्वतः कुंभार, आणि गावातली मंडळी यांनी ती पुन्हा बांधली. २०१५ साली ती पेटवली तेव्हा आत एकट्या हामादा घराण्याचा माल नव्हता. माशिको आणि कासामा इथल्या अनेक कुंभारांनी आपापली भांडी आणून आठही खोल्या भरल्या, आणि लाकूड सारायला पाळ्या लावल्या.